बिनआवाजाचा स्टॉपर

सुरतेत लिंबायतच्या आमच्या खोलीत मी आणि आबा आवाज न काढता बोलत असू. हे कुणाला सांगितलं की त्यांना वाटतं, घरात अबोला असावा किंवा कुणीतरी आजारी असावं. तसं काही नव्हतं. आबा म्हणजे माझे वडील. शिरपूरकडचं गाव सोडून ते सुरतेला आले, आल्या आठवड्यात लूमच्या खात्यात लागले आणि हातपाय चालेनासे होईपर्यंत तिथंच राहिले. खातं म्हणजे पत्र्याची लांबलचक शेड, आत मागांच्या ओळी, आणि सगळे माग एकदम चालू. तिथं एकाने दुसऱ्याच्या कानाला तोंड लावून बोंब मारली तरी ऐकणाऱ्याच्या वाट्याला फक्त थुंकी येते. त्यामुळे खात्यातली माणसं ओठांनी बोलतात. घशाला त्रास द्यायचाच नाही. ओठ मोठे करून हलवायचे आणि जोडीला हात. तळहात उभा धरून हलवला की ‘माग थांबव, तार तुटली’. अंगठा ओठांना लावला की चहा. दोन बोटं मिशीवरून फिरवली की शेठ आले. खानदेशी असो, उडिया असो, यूपीचा भैया असो, महिन्याभरात ज्याला-त्याला हे जमतं. वीसेक वर्षांत आबांचे दोन्ही कान गेले आणि मग ते घरीही तसंच बोलू लागले. मी त्यांच्याच हाताखाली वाढलो. मला बोलायला शिकवलं मायनं, पण गप्पा मारायला शिकवलं आबांनी, आणि त्या गप्पांना आवाज नव्हता.

खोली दुसऱ्या मजल्यावर होती आणि तळमजल्यावर कुणाचं तरी बारा मागांचं लहान खातं. त्यामुळे आमच्या फळीवरच्या ताटल्या दिवसभर किणकिणत, घागरीतल्या पाण्यावर बारीक लाटा उठत, आणि भिंतीत ठोकलेला खिळा पंधरा दिवसांनी आपसूक बाहेर येई. आठवड्यातून एक दिवस वीज बंद असायची. त्या दिवशी सगळी गल्ली एकदम गप्प व्हायची आणि पाळण्यातली पोरं दचकून रडायला लागायची. माय घरी बसून साड्यांना टिकल्या चिकटवायची. अर्ध्या खोलीत साड्यांचा ढीग आणि उरलेल्या अर्ध्यात आम्ही. तिच्या बोटांवर गोंदाचा पापुद्रा कायमचा असे. भाकरी थापण्याआधी ती दगडाने बोटं घासून घ्यायची, तरी एखादी टिकली पिठात यायचीच. ज्वारी-उडदाच्या कळण्याच्या काळपट भाकरीत मध्येच काहीतरी चमकलं की आबा ते बोटाने उचलून माझ्या कपाळाला लावायचे. वांग्याच्या भरितावर कच्चं तेल, मिरचीचा ठेचा, एखाद्या रविवारी शेवभाजी. शेजारच्या गुजराती मासी सकाळी डाळीचा मऊ, वाफाळता लोचो पाठवायच्या. माय तो आम्हाला वाढायची आणि स्वतः मात्र भाकरीच खायची, कारण तिच्या मते दातांना काम न देणारं अन्न हे अन्नच नव्हे. मी आता साठीच्या पुढे आहे, मधुमेह आहे, आणि डॉक्टर मला कळण्याचीच भाकरी खायला सांगतात. मुलगी ती मॉलमधून आणलेल्या पाकिटातल्या पिठाची करते. तीत काही चमकत नाही.

फुटबॉल माझ्याकडे कसा आला हे मला नीटसं सांगता येत नाही. नवागामकडे रेल्वेलाइनच्या पलीकडे एक मोकळी जागा होती. तिथं एका बाजूला म्हशी आणि दुसऱ्या बाजूला आम्ही. मी अंगाने उंच, पायाने मंद. असल्या मुलाला सगळीकडे एकच जागा मिळते, मागे, गोलकीपरच्या पुढे. त्याला आम्ही स्टॉपर म्हणायचो. माझ्या जोडीला हिलाल होता, अमळनेरकडचा, माझ्याच वयाचा, माझ्यासारखाच खात्यात लागलेला. आम्ही दोघं मिळून पुढच्या चार वर्षांत सात टीमांच्या जर्श्या घातल्या. उधन्याचं एक डाइंग हाउस, रांदेरचे बेकरीवाले, बारडोलीच्या एका कॉलेजची टीम (मी कॉलेजचं दारही पाहिलेलं नव्हतं), एक गणपतीचं मंडळ. ज्याला मागची बाजू कमी पडे तो लिंबायतला येऊन आम्हाला घेऊन जाई, स्पर्धा झाली की आणून सोडी. कुणाचंही नाव आमच्या पाठीवर फार दिवस टिकलं नाही. पुढे खेळणाऱ्या पोरांची नावं गल्लीत सगळ्यांना पाठ असत. आमच्याबद्दल एवढंच विचारत, ‘ते दोन लांबडे येणार आहेत ना?’

स्टॉपरला आनंद असा होत नाही. त्याला हुश्श होतं. गोल होता होता वाचला, बॉल खांबाला लागून बाहेर गेला, समोरचा सेंटर फॉरवर्ड घसरून पडला, की छातीतलं काहीतरी खाली बसतं. तीच आमची कमाई. या खेळाने माझा स्वभावच तसा करून ठेवला. काय चांगलं होईल याचा मी विचार करत नाही. काय बिघडू शकतं ते बघून ठेवतो आणि ते बिघडलं नाही की खूश होतो. माझी मुलगी म्हणते, ‘पप्पा, तुम्ही लग्नाच्या पंगतीला बसलात तरी दाराकडे तोंड करून बसता.’ बसतो. कुणीतरी बसायला हवं.

तर आता मुख्य गोष्ट. त्या वर्षी मी तेवीस वर्षांचा होतो आणि खात्यात दिवसपाळी करत होतो. माझ्या कानांत शिट्टी वाजायला लागली होती. पाळी सुटल्यावर तासभर वाजे, मग दोन तास, मग सकाळपर्यंत. मी ते कुणाला सांगितलं नव्हतं. एका संध्याकाळी मी आणि आबा जेवायला बसलो होतो आणि माय माझ्या पाठीमागे चुलीशी होती. तिनं मला काहीतरी विचारलं. मी जेवत राहिलो. तिनं पुन्हा विचारलं, तिसऱ्यांदा विचारलं. ती फक्त ‘आणखी वाढू का’ एवढंच विचारत होती. मला काही कळलं नाही, पण माझ्यासमोर बसलेल्या आबांना ते सगळं दिसत होतं, तिचे ओठ आणि माझं न वळलेलं डोकं. त्यांनी हातातला तुकडा ताटात ठेवला. मग ओठांनी म्हणाले, “कवयपासून?”

“चार महिना व्हयनात,” मी म्हणालो. घरची बोली अहिराणी, तिच्यात फार मानपान नाही, बापालाही अरेतुरेच करतात.

“खातामा आते जाऊ नको.”

“मंग कथा जाऊ?”

खात्याबाहेर आबांना सुरत माहीतच नव्हती. पण माझ्याकडे अर्धंमुर्धं उत्तर होतं आणि मी ते दोन आठवडे पोटात घेऊन फिरत होतो. हजीऱ्याच्या एका मोठ्या कारखान्याची फुटबॉल टीम उभी राहत होती. खेळाडूंच्या कोट्यातून पोरं घेणार होते, त्यांत स्टॉपर एकच. निवडला गेला की कायमची नोकरी, स्टोअरमध्ये किंवा गेटवर, जिथं माणसं तोंडाने बोलतात आणि कानाने ऐकतात. अट दहावी पासची. मी कसाबसा होतो, हिलाल नव्हता. शिवाय वयाची मर्यादा होती आणि पुढच्या वर्षी मी तिच्या बाहेर जाणार होतो. आबांना फुटबॉल हा चपला झिजवायचा धंदा वाटे. एकदाही ते सामना बघायला आले नव्हते. मी सगळं सांगितल्यावर त्यांनी एवढंच विचारलं, “तठे माग शेत का?” मी म्हटलं, नाहीत. “मंग जाय,” ते म्हणाले, “मी बी येस.”

चाचणी रविवारी दुपारी होती. मायनं भाकऱ्या आणि शेंगदाण्याची चटणी फडक्यात बांधून दिली आणि जिन्यापर्यंत येऊन ती सांगत राहिली, ऊन लागेल, पाणी पी, कुणाशी भांडू नकोस. बसमध्ये आबा खिडकीशी बसले. पूल ओलांडून शहर मागे पडलं तसे ते बाहेरच्या प्रत्येक गोष्टीकडे बोट दाखवून मला विचारू लागले. ही टाकी कशाची? ही चिमणी का जळते? एवढी वर्षं सुरतेत राहून त्यांनी समुद्राकडची बाजू पाहिली नव्हती. हजीऱ्याला उतरलो तेव्हा वाऱ्यात मीठ होतं आणि कसलातरी तिखट वास. मैदान मात्र असं होतं की मी बूट घालायचंच विसरलो. खरं गवत. म्हशींशिवाय गवत मी पहिल्यांदाच पाहत होतो. मांडवात खुर्च्यांवर कंपनीची माणसं बसली होती. मधोमध कोच घोष साहेब, कोलकात्याचे, मांडीवर वही. मांडवाच्या बाजूला दोरी लावलेली होती आणि त्या दोरीला लागून आबा जाऊन उकिडवे बसले. धुतलेलं धोतर, डोक्यावर टोपी. मांडवातल्या कुणी त्यांना हटकलं नाही. मला मात्र लाज वाटली. हे आज लिहितानाही मला बरं वाटत नाही, पण वाटली खरी.

आम्हाला दोन टीमांत वाटलं. माझ्या पाठीवर पाच नंबर आला. उजव्या बाजूला नवसारीचा जिग्नेश नावाचा पोरगा, डावीकडे एक बडोद्याचा, मागे गोलकीपर मल्याळी. कुणीच कुणाला ओळखत नव्हतं. मी मनाशी म्हटलं, जे येतं ते करायचं. बॉल कुठून येणार ते मला आधी दिसतं, पहिल्यापासून दिसतं, ती एक देणगी होती. समोरच्यांचा डावा विंगर मोकळा सुटतोय हे मी पाहिलं आणि जिग्नेशला ओरडून सांगितलं, ‘मागे बघ!’ तो पुढेच धावत गेला. मी पुन्हा ओरडलो. गोलकीपरला ओरडलो, पुढे ये. तो जागचा हलला नाही. मला वाटलं, ही पोरं शिष्ट आहेत, लिंबायतच्या पोराचं ऐकायचं नाही असं ठरवून आलीत. माझा संताप होत होता. मग ती चूक झाली. जिग्नेश पुढे निघाला होता आणि मला त्याला जागेवर थांबवायचं होतं. मी हात वर केला, तळहात उभा धरला आणि जोरजोराने हलवला. खात्यात कुणीही जागच्या जागी थांबलं असतं. जिग्नेशला वाटलं, मी ऑफसाइड मागतोय. तो वळून लाइनमनकडे बघत उभा राहिला, बडोद्याचाही राहिला, आणि आमच्या तिघांच्या मधून एक पोरगा बॉल घेऊन आरामात गेला. गोल झाला. गोलकीपर मल्याळममध्ये काय म्हणाला ते कळायला ती भाषा यायची गरज नव्हती.

मध्यंतराची शिट्टी झाली. मांडवाकडे बघायची हिंमत नव्हती. मला समोर दिसत होतं ते खातं. सोमवारी सकाळी सातला दार उघडून आत जायचं आणि मग आबांसारखं एक दिवस बाहेर यायचं, चिडीचूप. पाण्याच्या पिंपाशी मी उभा होतो तेव्हा दोरीपाशी आबा उठून उभे राहिलेले दिसले. त्यांनी दोन्ही हात हलवून मला बघायला लावलं. आमच्यात वीसेक पावलांचं अंतर होतं. मग ते ओठांनी बोलू लागले, सावकाश, एकेक शब्द सुटा करून, जसं खात्यात नवीन माणसाशी बोलतात.

“तो वहीवाला साहेब बोली ऱ्हायना. मी वाचं. म्हनस, पाच नंबर चांगला शे. त्याले समदं पहिलेच दिसस. पन त्याले आवाजच नही. म्हनस, मुका शे का?”

मी ओठांनीच उलट म्हणालो, “मी तं वरडी ऱ्हायनू!”

“साहेब म्हनस, आवाज नही. तू घसामातून वरड. आवाज काढ.”

मी हात गळ्यावर ठेवला. पाणी पिणाऱ्या पोरांकडे पाठ केली आणि ‘मागे बघ’ म्हणून पाहिलं, अगदी तसंच, जसं अर्धा तास ओरडत होतो. हाताला गळ्याची थरथर लागलीच नाही. नुसता श्वास. ओठ एवढे मोठे हलत होते आणि आतून काही निघत नव्हतं. माझ्या डोक्यात मात्र तो आवाज मला स्पष्ट ऐकू येत होता. मग सगळा उलगडा झाला. चार वर्षं सात टीमांत मी कधीच ओरडलो नव्हतो. मी ओठ हलवायचो आणि शेजारी हिलाल असायचा. तो खात्यातलाच, त्याला ओठ वाचता यायचे, आणि त्याचा आवाज भोंग्यासारखा. मी म्हणायचो आणि तो सगळ्या मैदानाला सांगायचा. आम्हाला दोघांनाही कधी याचा पत्ता लागला नाही. लोक म्हणायचे, ती जोडी बोलावा, एकटा नको. मला वाटायचं, ते प्रेमाने म्हणतात.

दुसरा हाफ सुरू झाला. ओरडायचं ठरवून ओरडणं किती अवघड असतं ते मला त्या दिवशी कळलं. पहिल्यांदा जो आवाज आला तो कोंबडं गळा साफ करतं तसा. जिग्नेश हसला. पण हसायला का होईना, त्यानं वळून पाहिलं. तेवढं मला पुरलं. पुन्हा ओरडलो, आणि काय ओरडावं, कुठल्या भाषेत, हे ठरवायला वेळ नव्हता, तेव्हा तोंडातून घरचीच बोली निघाली. “मांगे दख! मांगे! सोडू नको त्याले!” बडोद्याचा पोरगा, मल्याळी गोलकीपर, जिग्नेश, तिघांनाही शब्द कळत नव्हते आणि तिघंही बरोबर जागेवर जात होते. घाई आवाजात असते, तिला भाषा लागत नाही. दहा मिनिटांत माझा घसा सोलून निघाला. मी थांबलो नाही. मला इतकं बोलायचं होतं हे मलाच ठाऊक नव्हतं. शेवटाकडे एक उंच बॉल आमच्या गोलसमोर पडत होता. गोलकीपर झेप घ्यायच्या बेतात होता, मागून त्यांचा फॉरवर्ड त्याच्या अंगावर येत होता, आणि बॉल वाऱ्याने बाहेर वाहतोय हे मला दिसलं. मी जिवाच्या आकांताने ओरडलो, “सोडी दे!” त्यानं हात मागे घेतले. बॉल खांबाच्या वीतभर बाहेरून गेला. गोलकीपर माझ्याकडे बघून हसला आणि मी गवतावर मांडी घालून बसलो.

निकाल मांडवातल्या कारकुनानं वहीतून वाचून दाखवला. माझं नाव पाचवं होतं. ते त्यानं चुकीचं उच्चारलं, तरी मी कोरड्या घशाने ‘हो’ म्हणालो आणि मोठ्याने म्हणालो. दोरीपाशी आबांना हे सांगायला गेलो तर त्यांना आधीच कळलं होतं. कारकुनाचे ओठ त्यांना दिसत होते. बसमध्ये त्यांनी फडकं सोडलं आणि आम्ही भाकऱ्या खाल्ल्या. पुलावर वारा लागला तेव्हा मला रडू आलं. आबांनी पाहिलं न पाहिल्यासारखं केलं आणि उरलेली चटणी माझ्या भाकरीवर टाकली.

पुढे अकरा वर्षं मी त्या टीमला होतो. मोठं काही केलं नाही. अंकलेश्वर, वापी, बडोदा, एकदा अहमदाबाद, एवढाच आमचा मुलूख. मी दोन गोल केले, त्यांतला एक आमच्याच जाळीत. बरेच सामने बाकावर काढले. जेव्हा खेळलो तेव्हा आमच्या टीममध्ये सर्वांत जास्त आवाज माझा असे. पाहुण्या टीमची पोरं माझी नक्कल करायची, ‘मांगे दख, मांगे दख’. टीम बंद झाल्यावर मी स्टोअरमध्ये राहिलो आणि तिथूनच निवृत्त झालो. कानांतली शिट्टी खात्याबाहेर पडल्यावर हळूहळू कमी झाली. आजही मला घड्याळाचा काटा ऐकू येतो. कधी कधी झोपण्याआधी मी तो मुद्दाम ऐकतो, आणि मला मनापासून हुश्श वाटतं.

पण एक गोष्ट राहिली. नोकरीच्या तिसऱ्या वर्षी आम्ही कंपनीच्या बसने अंकलेश्वरला चाललो होतो. मी घोष साहेबांच्या शेजारी बसलो होतो. तोवर ते मला चांगले ओळखू लागले होते. मनात बरेच दिवस होतं म्हणून मी म्हणालो, “साब, उस दिन हाफ टाइम में आपने वो बात नहीं बोली होती, तो मैं आज भी लूम पे होता.”

“कौन सा बात?”

“वही, कि पाँच नंबर अच्छा है, लेकिन आवाज नहीं है.”

घोष साहेब हसायला लागले. “अरे एकनाथ, उस दिन सुबह हमारा दाढ़ निकाला था. मुँह में रुई भरा था. डॉक्टर बोला, शाम तक बात नहीं करना. हम सारा दिन किसी से एक शब्द नहीं बोला. सब कॉपी में लिखा.” मग ते हळूच म्हणाले, “सच बोलूँ? पहला हाफ के बाद हम तुम्हारा नाम काट दिया था. बाद में फिर से लिखा.”

अंकलेश्वरचा सामना मी कसा खेळलो ते मला आठवत नाही. रात्री उशिरा परतलो, सकाळी उठलो, आंघोळ केली आणि आबांच्या समोर जेवायला बसलो. ते तेव्हा घरीच असत. डोळे अजून चांगले होते. माय चुलीशी पाठमोरी होती. मी सवयीनं ओठांनीच विचारलं, “आबा, त्या दिन तो साहेब काहीच बोलना नही व्हता. त्याना तोंडमा कापूस व्हता.”

आबांनी घास चावून गिळला. “माले माहीत शे,” ते म्हणाले. “तो एक डाव बी तोंड उघाडस नही, मीच तं दखी ऱ्हायंतू.”

“मंग तुले कसं समजनं, मना आवाज नही म्हनीसन? तुले तं ऐकू येस नही.”

“तू वरडी ऱ्हायंता ते माले दिसनं. तुनं समदं बोलनं मी वाचं. पन त्या पोऱ्यास्न्या माना वळन्या नहीत. एक बी डाव नही. तवय समजनं, आवाज निंघत नही.”

“मंग तसंच सांगना असता! साहेबनं नाव कसाले लिधं?”

आबांनी खांदे उडवले. “मी सांगतू तं तू ऐकता का? म्हनता, आबाले फुटबॉलमधलं काय समजस.”

हे खरं होतं. मी असंच म्हणालो असतो. दोरीशी उकिडवं बसलेल्या, टोपी घातलेल्या माणसाची मला लाज वाटत होती, आणि ते त्यांनाही दिसलं असणार. माणसांच्या चेहऱ्यावरचं वाचण्यात त्यांचा जन्म गेला होता. मी ताटातली भाकरी तशीच धरून बसलो. मग माझ्यातला स्टॉपर जागा झाला आणि मी विचारलं, “आनि इतलं करीसन बी माले घेतं नसतं तं?”

आबांनी मायच्या पाठीकडे पाहिलं. ती स्वतःशीच काहीतरी बडबडत होती, पीठ ओलं झालं, गोंद महागला, मासींची सून आली. “नही तं नही,” ते ओठांनी म्हणाले. “आवाज तं निंघता. ती एकलीच बोलस रे घरमा, इतला वरीस.”

मी मान वळवून मायकडे पाहिलं. तीन वर्षं मी सगळ्या गुजरातभर ओरडत फिरत होतो आणि या खोलीत शिरलो की पुन्हा ओठ हलवत होतो. जे पहिल्यांदा तोंडात आलं ते मी बोललो, घशातून, मैदानावर बोलतो तितक्याच जोराने, “माय! भाकर दे! आनि तू बी ये जेवाले!”

तिच्या हातातला उलथना खाली पडला. ती छातीवर हात ठेवून वळली आणि माझ्यावरच डाफरली, “वरडस कसाले रे इतला? मी काय बहिरी शे?”

ते आबांनी तिच्या ओठांवरून वाचलं, आणि तोंडातला घास सांभाळत ते हसत राहिले.